नेत्याच्या लेटरहेडवरची वर्षे : दक्षिण कोकणातील एका वकील-उमेदवाराचे प्रकरण

25 सप्टेंबर 2014 रोजी, म्हणजे घटस्थापनेच्या दिवशी, शिवसेना-भाजप युती आणि काँग्रेस-राष्ट्रवादी आघाडी या दोन्ही एकाच दिवशी मोडल्या. विधानसभेसाठी उमेदवारी अर्ज भरण्याची मुदत 27 तारखेला दुपारी तीन वाजता संपत होती. पितृपक्षात अर्ज भरायचा नाही म्हणून बहुतेक इच्छुक आधीच थांबले होते, आणि आता जागावाटपाचा हिशेबच उरला नसल्यामुळे प्रत्येक मोठ्या पक्षाला प्रत्येक मतदारसंघात दोन दिवसांत माणूस उभा करणे भाग पडले. दक्षिण कोकणातील एका मतदारसंघात असा जो माणूस उभा राहिला, त्याच्या कारकिर्दीचे हे प्रकरण आहे. ते व्यवसायाने वकील होते, आणि त्यापूर्वी अनेक वर्षे शेजारच्या मतदारसंघातील एका वजनदार नेत्याचे सहायक होते.

मी त्यांच्याबरोबर तालुका न्यायालयाच्या बार रूममध्ये एका बाकावर बसलो आहे आणि मतमोजणीला त्यांचा प्रतिनिधी म्हणूनही बसलो आहे, तेव्हा मी तटस्थ आहे असा दावा करत नाही. नावे, पक्ष आणि गावे मुद्दाम वगळली आहेत, आणि ओळख पटेल असे काही तपशील त्याच स्वरूपाच्या दुसऱ्या तपशिलांनी बदलले आहेत. पुढे त्यांना नुसते ‘वकील’ आणि त्यांच्या नेत्याला ‘साहेब’ म्हटले आहे, कारण तालुक्यातही लोक याच दोन शब्दांनी त्यांना ओळखत असत.

वकिली

वकिलांना सनद मिळाली ती 1990 च्या दशकाच्या अखेरीस. कोकणातल्या तालुका न्यायालयात दिवाणी वकिलाकडे जे काम येते, ते देशावरच्या वकिलाला चटकन समजणार नाही. येथे जमीन थोडी, तुकडे फार आणि सातबाऱ्यावर नावे त्याहून फार. आठ-दहा गुंठ्यांच्या सर्व्हे नंबरला तीस-पस्तीस सहहिस्सेदार असतात, त्यातले निम्मे मुंबईत, काही मयत आणि वारसनोंद न झालेले, आणि जो प्रत्यक्ष कसतो त्याचे नाव कधी ‘इतर हक्कात’ तर कधी कोठेच नसते. वाटपाचे दावे, वहिवाटीचे दावे, पाणंदीच्या आणि बांधावरच्या रस्त्याच्या तक्रारी, आणि कुळकायद्याची प्रकरणे ही या भागातील वकिलीची भाकरी होय.

यातील शेवटच्या प्रकाराकडे थोडे थांबून पाहावे लागेल, कारण निकालाच्या दिवशी तोच पुढे आला. कोकणातील खोतीविरुद्धचे, म्हणजे खोतामार्फत सारा वसूल करण्याच्या पद्धतीविरुद्धचे, विधेयक डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1937 मध्ये मुंबई विधिमंडळात मांडले होते, पण खोती नाहीशी करणारा कायदा झाला तो 1949 मध्ये. त्याच्या मागेपुढे 1948 चा कुळकायदा आला आणि पुढे 1 एप्रिल 1957 हा ‘कृषक दिन’ ठरला. त्या दिवशी जमीन कसणारे कूळ कायद्याने तिचा खरेदीदार मानले गेले. कागदावर ही क्रांतीच होती. मात्र त्या दिवशी कूळ म्हणून ज्याची नोंद नव्हती, त्याला आपण कूळ आहोत हे आधी कलम 70-ब खाली तहसीलदारापुढे सिद्ध करावे लागे, मग कलम 32-ग प्रमाणे किंमत ठरायची, रक्कम भरली की 32-म चे प्रमाणपत्र मिळायचे, आणि मध्ये जमीनमालकाने अपील केले तर प्रांत आणि महसूल न्यायाधिकरण अशा आणखी दोन पायऱ्या. ही वाट चालता चालता दोन पिढ्या संपलेली घरे मी पाहिली आहेत.

वकिलांनी पहिल्या सहा-सात वर्षांत अशी बरीच प्रकरणे चालवली. डोंगराच्या कुशीतल्या दोन वाड्यांतील कुळांची प्रकरणे त्यांनी एकत्र घेतली, निकाल लागेपर्यंत शुल्क घ्यायचे नाही असे ठरवून. जुन्या पिकपाहणीचे उतारे, खंडाच्या पावत्या, कुणाच्या तरी आजोबांच्या पत्र्याच्या पेटीतला मालकाच्या सहीचा चिठोरा, हे सगळे ते स्वतः वाडीत जाऊन, खळ्यात बसून गोळा करत. ज्येष्ठ वकील त्यांना हसत, कारण अशा कामाला एसटीच्या भाड्याइतकेही पैसे सुटत नाहीत. वाटपाच्या दाव्यांत मात्र पैसे बरे मिळत आणि त्यांनी तेही केले. पण वाटपाच्या दाव्यात वकील एका भावाचे वकीलपत्र घेतो तेव्हा उरलेल्या तीन भावांच्या, त्यांच्या सुनांच्या आणि सोयऱ्यांच्या लेखी तो विरोधी पक्षाचा होतो, आणि दावा निकाली निघाला तरी ते नाते निकाली निघत नाही. निवडणूक लढवू इच्छिणाऱ्या तालुका वकिलाने आपल्या जुन्या फायली एकदा या नजरेने चाळाव्यात.

साहेबांचे कार्यालय

साहेबांशी संबंध आला तो त्यांच्या एका निवडणुकीत अर्ज तपासण्याच्या निमित्ताने. उमेदवारी अर्जात सूचकाचा यादीभाग क्रमांक चुकला होता, तो वकिलांनी आदल्या रात्री पकडला. पुढे छाननी, खर्चाचा हिशेब, आचारसंहितेच्या नोटिशींना उत्तरे अशी कामे त्यांच्याकडे आपोआप येत गेली, आणि निवडणूक संपल्यावरही ते येत राहिले. प्रारंभी कोर्टाचे काम आटोपून संध्याकाळी दोन तास, मग शनिवारी पूर्ण दिवस, मग कोर्टातल्या तारखा साहेबांच्या दौऱ्याप्रमाणे मागून घेणे, असा तो क्रम होता. काही वर्षांनी साहेबांच्या कार्यालयीन आस्थापनेवर त्यांची रीतसर, शासनाकडून वेतन मिळणारी नेमणूक झाली.

येथे एक गोष्ट घडली, जिचे महत्त्व तेव्हा आम्हांपैकी कुणालाच कळले नाही. बार कौन्सिल ऑफ इंडियाच्या नियमावलीतील नियम 49 प्रमाणे वकिलाला पूर्णवेळ पगारी नोकरी करता येत नाही. करायची असेल तर तसे राज्य बार कौन्सिलला कळवून वकिली थांबवावी लागते. बरेच जण हे कळवत नाहीत. वकिलांनी कळवले. त्यांनी उरलेली वकीलपत्रे दुसऱ्यांकडे सोपवली, काळा कोट कपाटात गेला, आणि त्या दिवसापासून तालुक्यातल्या कोणत्याही कागदावर त्यांची स्वतःची सही उमटणे बंद झाले.

कार्यालयातील काम मी अनेकदा समोर बसून पाहिले आहे. सकाळी नऊच्या सुमारास पडवीत माणसे जमू लागत. प्रत्येकाच्या हातात प्लास्टिकची पारदर्शक पिशवी, तीत अर्ज, रेशनकार्डाची झेरॉक्स आणि आधी दिलेल्या अर्जाची पोच. मागण्या ठरावीक असत. वाडीला जाणारी पाखाडी, म्हणजे पायऱ्यांची पायवाट, वहाळावर साकव, म्हणजे छोटा पूल, घराच्या मागच्या दरडीला संरक्षक भिंत, खारभूमीचा फुटलेला बांध, मुलीच्या बदलीची शिफारस, सावंतवाडी तालुक्यातल्या आंबोली, गेळे, चौकुळकडची माणसे आली तर सामाईक वहिवाटीच्या कबुलायतदार गावकर जमिनीचा न सुटणारा प्रश्न. वकील प्रत्येकाचा अर्ज वाचत, एका जाड वहीत नोंद करत, आणि मग दोनपैकी एक गोष्ट होई. काम होण्याजोगे असेल तर साहेबांच्या लेटरहेडवर पत्र टंकित होऊन सहीसाठी फायलीत जाई. होण्याजोगे नसेल तर वकील ते तिथल्या तिथे सांगत.

हे दुसरे सांगणे त्यांच्यातल्या वकिलाच्या सवयीचे होते. पक्षकाराला खोटी आशा लावू नये, असे त्यांना त्यांच्या ज्येष्ठांनी शिकवले होते आणि ते बरोबरच आहे. पण ज्या कार्यालयात ‘बघूया’, ‘साहेबांच्या कानावर घालतो’, ‘पुढच्या बैठकीत घेऊ’ ही नित्याची भाषा, तेथे स्पष्ट नकार देणारा माणूस एकच उरतो. साहेबांनी कधी कुणाला नाही म्हटले नाही. म्हणण्याची वेळच त्यांच्यावर आली नाही, कारण तोवर नकार देऊन झालेला असे. मी यासाठी साहेबांना दोष देत नाही. सहायक ठेवतात तो यासाठीच.

होकाराचे काय होत असे, त्याचा एक नमुना. एका वाडीला पाखाडी हवी होती. वाट ज्या जमिनीतून जायची तिच्या सहहिस्सेदारांपैकी पाच जण मुंबई, डोंबिवली आणि विरारला राहत. त्यांची संमतीपत्रे घेतल्याशिवाय अंदाजपत्रक पुढे सरकेना. वकिलांनी गणपतीत ते लोक गावी आले तेव्हा दोघांना गाठले, उरलेल्यांना मुंबईच्या ग्रामविकास मंडळाच्या बैठकीत, आणि एका हट्टी गृहस्थाच्या घरी तीन वेळा जाऊन. दोन वर्षे ती फाइल त्यांनी बांधकाम विभागाच्या टेबलांवरून स्वतः पुढे ढकलली. पाखाडी झाली. तिच्या पहिल्या पायरीशी जांभ्याच्या चौथऱ्यात काळ्या दगडाची कोनशिला बसवली आहे. तीवर साहेबांचे नाव मोठ्या अक्षरांत, त्याखाली जिल्हा परिषद सदस्य, पंचायत समिती सदस्य, सरपंच, उपसरपंच आणि ठेकेदार. वकिलांचे नाव नाही, आणि असण्याचे कारणही नाही, कारण त्यांना ते नाव घालण्याजोगे कोणतेही पदच नव्हते.

दोन दिवस

25 सप्टेंबरच्या रात्री साहेबांचा फोन आला. वकिलांचे मूळ गाव शेजारच्या मतदारसंघात होते. तो मतदारसंघ आघाडीच्या वाटपात नेहमी मित्रपक्षाकडे जात असल्यामुळे साहेबांच्या पक्षाची तेथे धड तालुका कार्यकारिणीही नव्हती. आता तेथे उमेदवार हवा होता आणि मतदार यादीत नाव असलेला, कागदपत्रे दोन दिवसांत पुरी करू शकणारा, भरवशाचा माणूस साहेबांना एकच आठवला. वकिलांनी विचार करायला एक रात्र मागितली, ती त्यांना मिळाली. सकाळी त्यांनी होकार दिला. तो त्यांनी का दिला असावा, यावर आमच्या बारमध्ये आजही दोन मते आहेत. मला वाटते की दहा वर्षे दुसऱ्याचे अर्ज तपासणाऱ्या माणसाला एकदा आपला अर्ज भरून पाहावासा वाटणे यात न समजण्यासारखे काही नाही.

26 तारखेला त्यांनी नेमणुकीचा राजीनामा दिला आणि कार्यमुक्तीचे पत्र त्याच दिवशी हातात घेतले. राज्यघटनेच्या अनुच्छेद 191 प्रमाणे शासनाखालील लाभाचे पद धारण करणारी व्यक्ती विधानसभेसाठी अपात्र ठरते, आणि लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम 36 प्रमाणे ही पात्रता छाननीच्या दिवशी पाहिली जाते. हे त्यांना पाठ होते. योगायोग असा की त्याच दिवशी मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण यांनीही राजीनामा दिला आणि 28 तारखेला राज्यात राष्ट्रपती राजवट लागली, त्यामुळे मुंबईतल्या कोणत्याही कार्यालयात कुणाला काही विचारायची सोय उरली नव्हती. निवडणूक खर्चासाठी स्वतंत्र बँक खाते अर्जाच्या किमान एक दिवस आधी उघडलेले लागते. तेही त्यांनी बँक बंद होण्यापूर्वी उघडले. दहा हजारांची अनामत भरली. पक्षाच्या अधिकृत उमेदवारीचा ए-बी फॉर्म 27 ला दुपारी पावणेतीनला पोचला, तो घेऊन येणाऱ्या मुलाच्या मोटारसायकलला महामार्गावरच्या चिखलाने रंग आला होता.

खरी अडचण नमुना 26 च्या शपथपत्रात आली. 2013 च्या सप्टेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने शपथपत्रातला एकही रकाना कोरा चालणार नाही, असा निर्णय दिला होता, आणि स्थावर मालमत्तेचा रकाना त्याला अपवाद नाही. वकिलांच्या घराण्याची जमीन चार घरांत सामाईक होती. तोंडी व्यवस्था अशी की वरची आंबा-काजूची बाग एका चुलत घराने पहायची आणि खालचे भाताचे मळे उरलेल्या तिघांनी. सातबाऱ्यावर मात्र सगळे क्षेत्र सगळ्यांचे. आता बागेच्या रकान्यात काय लिहावे? ‘निरंक’ लिहिले तर शपथेवर खोटे, कारण अभिलेखात त्यांचा हिस्सा आहे. लिहिले तर तोंडी वाटप मोडल्यासारखे. त्यांनी अभिलेखाप्रमाणे एक चतुर्थांश हिस्सा लिहिला, अंदाजे बाजारभावासह. कायद्याने दुसरे काही लिहिता आले नसते.

शपथपत्र निवडणूक कार्यालयाच्या फलकावर लागते आणि मागेल त्याला त्याची प्रत मिळते. दुसऱ्या दिवशी विरोधकांच्या माणसाने त्याची झेरॉक्स चुलत घराच्या पडवीत नेऊन ठेवली. ‘वकिलान निवडणुकीच्या आडून बागेर हक्क सांगल्यान,’ असे त्या घरातून वाडीभर झाले. प्रचाराच्या पंधरवड्यात चुलत भाऊ एकदाही त्यांच्याबरोबर फिरले नाहीत, आणि उमेदवाराच्या मागे त्याचे भाऊबंद नसणे याचा अर्थ गावऱ्हाटीत कुणाला समजावून सांगावा लागत नाही.

29 तारखेच्या छाननीत हरकत आली ती अपेक्षेप्रमाणे लाभाच्या पदाची. प्रतिस्पर्ध्याच्या वकिलाने नेमणुकीचा आदेश आणि वेतनाचा तपशील दाखल केला. आमच्या वकिलांनी स्वतःच युक्तिवाद केला. राजीनामा, स्वीकृती, कार्यमुक्ती, तिन्हींच्या तारखा, आणि छाननीची तारीख हीच निर्णायक, असे त्यांनी वीसेक मिनिटांत मांडले. बऱ्याच वर्षांनी ते उभे राहून बोलत होते आणि सुरुवातीची दोन वाक्ये सोडली तर त्यांचा आवाज जुनाच होता. निवडणूक निर्णय अधिकाऱ्यांनी हरकत फेटाळली, अर्ज वैध ठरला. बाहेर आल्यावर आम्ही चहा पाजला.

तो आनंद आमच्या पेशाचा आंधळेपणा होता. हरकत फेटाळली गेली ही बातमी कुणी वाचली नाही. वाड्या-वाड्यांतून फिरली ती हरकत, आणि तिच्याबरोबर पगाराचा आकडा. तालुक्यात पुष्कळांची अशी समजूत होती की वकील साहेबांकडे पदरमोड करून समाजकार्य करतात. माणूस पडवीत रोज बसतो, आपला अर्ज वाचतो, कधी चहाही देतो, तेव्हा तो ते प्रेमापोटी करतो असेच लोक धरून चालतात. त्याला त्याचे वेतन मिळत होते हे कळल्यावर कुणी चिडले नाही, फक्त ज्यांच्या मनात थोडे ऋण होते ते फिटल्यासारखे झाले. दुसऱ्या बाजूला, ज्यांना नकार मिळाला होता त्यांची सल मात्र जागच्या जागी राहिली.

प्रचार आणि मोजणी

प्रचाराबद्दल फार लिहिण्यासारखे नाही. 15 ऑक्टोबरचे मतदान म्हणजे हळव्या भाताची कापणी चालू, गरवे भात उभे, आणि दिवसा घरात म्हातारी माणसे तेवढी. गणपती त्या वर्षी ऑगस्टच्या अखेरीस होऊन गेले होते, दिवाळी आठवड्यावर होती, तेव्हा चाकरमान्यांची रजा एक तर संपलेली किंवा दिवाळीसाठी राखलेली. शिवाय मतदान सगळ्या राज्यात एकाच दिवशी, त्यामुळे ज्यांची नावे मुंबईच्या यादीत ते तेथेच अडकले. वर्षानुवर्षे मुंबईच्या ग्राममंडळांच्या बैठकांना हजेरी लावून वकिलांनी जे संबंध जोडले होते, ते वापरायला मिळालेच नाहीत. खर्चाची मर्यादा अठ्ठावीस लाख होती. त्यांचा प्रत्यक्ष खर्च तिच्या जवळपासही गेला नाही.

एक प्रसंग मात्र नोंदवला पाहिजे. ज्या वाडीची पाखाडी त्यांनी करून आणली, तेथे आम्ही संध्याकाळी गेलो. माणसांनी आदराने खुर्च्या मांडल्या, कोकम सरबत दिले. वकिलांनी पाखाडीचा विषय काढला, जरा संकोचानेच. तेव्हा एक वयस्क गृहस्थ म्हणाले, “वकिलानू, पाखाडी झाली ती साहेबांनी केल्यानी. माझ्या झिलाच्या बदलीचा काम होवचा नाय म्हणून मात्र तुमीच सांगितलास.” त्यांच्या बोलण्यात राग नव्हता, ते वस्तुस्थिती सांगत होते. बदलीचे ते काम नियमात बसत नव्हते, हे वकिलांना आठवत होते आणि मला वाटते त्या गृहस्थांनाही ठाऊक होते.

19 ऑक्टोबरला रविवारी मोजणी झाली. जाळीच्या अलीकडे बसून प्रत्येक यंत्राचा आकडा लिहून घेताना मतदान केंद्रावरून गाव कळते, आणि लहान गाव असेल तर वाडीही कळते. दुसऱ्या फेरीत पाखाडीच्या वाडीचे केंद्र आले. वकिलांची मते दोन अंकी होती. त्यांच्या स्वतःच्या गावच्या केंद्रावर ते तिसरे होते. साहेबांच्या निधीतून ज्या गावांत साकव आणि सभामंडप झाले, त्या गावांचे आकडेही असेच. माझ्या कागदावरचा रकाना पाहून शेजारच्या पक्षाचा प्रतिनिधी सहानुभूतीने गप्प राहू लागला.

मग एका फेरीत डोंगराकडच्या त्या दोन वाड्यांचे केंद्र आले, जिथे पक्षाचा झेंडा लावायला माणूस नव्हता आणि प्रचारात आम्ही जेमतेम अर्धा तास थांबलो होतो. तेथे वकील पहिले होते, आणि थोडक्यात नव्हे. मी आकडा पुन्हा विचारून घेतला. ही 32-गची गावे. पंधरा वर्षांपूर्वीच्या त्या प्रकरणांतील काही कुळे आता हयातही नव्हती, पण त्यांच्या मुलांकडे 32-म ची प्रमाणपत्रे होती, आणि प्रकरणांच्या कागदांवर अर्जदाराच्या अंगठ्याखाली वकिलांची सही.

एवढ्या एका केंद्राने निकाल बदलत नाही. वकील चौथे आले आणि वैध मतांचा एक षष्ठांश हिस्साही न मिळाल्यामुळे अनामत जप्त झाली. त्याच दिवशी कुडाळमध्ये नारायण राणे यांच्यासारखे माजी मुख्यमंत्री पराभूत झाले होते, आणि राज्यात 122 जागा घेऊन भाजप सर्वांत मोठा पक्ष ठरला होता, तेव्हा वारे कोणत्या दिशेने वाहत होते हेही विसरून चालणार नाही. बारमधील अनेकांचे मत असे की या वाऱ्यात आणि दोन दिवसांच्या तयारीत कुणीही पडला असता, आणि वकिलांना वर्षभर आधी सांगितले असते तर चित्र वेगळे दिसले असते.

मला हे पटत नाही, आणि या प्रकरणात मला सांगायचे आहे ते एवढेच. वर्षभर मिळाले असते तर वकिलांनी ते पडवीत बसूनच घालवले असते, आणखी अर्ज वाचले असते, साहेबांच्या सहीची आणखी पत्रे पाठवली असती. सहायकाच्या कामात होकार नेत्याच्या खात्यावर जमा होतो आणि नकार सहायकाच्या खात्यावर नावे पडतो. काम जितके मन लावून करावे तितकी दोन्ही बाजूंची नोंद पक्की होते. साहेबांबद्दलची निष्ठा लोकांनी वकिलांकडे वळवली नाही यात लोकांची कृतघ्नता नव्हती, कारण त्या पत्रांवर खरोखरच साहेबांची सही होती. वकिलीच्या काळातील वाटपाच्या दाव्यांचेही हेच झाले, तेथे जिंकलेला भाऊ शुल्क देऊन मोकळा आणि हरलेले तिघे कायमचे विरुद्ध. त्यांच्या संपूर्ण कारकिर्दीत स्वतःच्या नावाने, स्वतःच्या जोखमीवर आणि समोर एकच बलवान विरोधक ठेवून केलेले काम होते ते फक्त कुळांचे, आणि ते त्यांनी साहेबांकडे जाण्यासाठी सोडले होते.

कोकणात वकील राजकारणात जाणे नवे नाही. वेंगुर्ल्याचे बॅरिस्टर नाथ पै 1957, 1962 आणि 1967 असे तीन वेळा राजापूरमधून लोकसभेवर निवडून गेले, आंबेतचे बॅरिस्टर अ. र. अंतुले 1980 मध्ये मुख्यमंत्री झाले. ती तुलना आमच्या वकिलांच्या प्रचारपत्रकातही एका उत्साही कार्यकर्त्याने घातली होती आणि वकिलांनी ती छापण्याआधी खोडली. त्या दोघांची राजकारणे एकमेकांपासून फार दूरची, पण लोकांसमोर उभे राहताना दोघेही स्वतःच्या नावाने बोलले होते.

पुढे

निकालानंतर तीस दिवसांत खर्चाचा हिशेब सादर करावा लागतो, नाही तर तीन वर्षांपर्यंत अपात्रता ओढवू शकते. पराभूत उमेदवार हे काम हमखास टाळतात. वकिलांनी तो अठराव्या दिवशी सादर केला, पावत्यांना क्रमांक घालून. साहेबांनी त्यांना परत कार्यालयात बोलावले होते, ते गेले नाहीत. त्यावरून दोघांत काही बोलणे झाले असल्यास ते त्यांनी मला सांगितलेले नाही, आणि साहेबांविषयी वावगा शब्द त्यांच्या तोंडून मी आजवर ऐकलेला नाही. बार कौन्सिलकडे अर्ज करून त्यांनी वकिली पुन्हा सुरू केली. पहिली दोन वर्षे कठीण गेली, कारण जुने पक्षकार दुसरीकडे रुळले होते आणि नव्यांना ते अजून साहेबांचेच माणूस वाटत. बागेचा वाद त्यांनी तहसीलदारांपुढे संमतीने वाटप करून मिटवला. बाग चुलत घराकडेच ठेवली आणि त्या बदल्यात मळ्याचा एक तुकडा अधिक घेतला. आता सातबारा वेगळा झाला आहे.

आज त्यांच्याकडे पुन्हा कुळांची आणि रस्त्यांची कामे येतात. ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूरचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) सुरू झाल्यावर रत्नागिरी आणि सिंधुदुर्गची प्रकरणे तिकडे जाऊ लागली, त्यामुळे पहाटे घाट चढून जाणाऱ्या गाडीत ते महिन्यातून दोनदा तरी असतात.

2019 मध्ये त्याच मतदारसंघात साहेबांच्या पक्षाने एका तरुण कार्यकर्त्याला उमेदवारी दिली. अर्जाच्या आदल्या रात्री तो शपथपत्र घेऊन वकिलांच्या घरी आला. वकिलांनी त्याला स्थावर मालमत्तेच्या रकान्याशी दीड तास बसवले, घरातल्या सामाईक जमिनीबद्दल आधी भावांशी बोलून ये म्हणून परत पाठवले आणि तो पहाटे आल्यावर उरलेले तपासून दिले. मग त्यांनी नेहमीचे शुल्क घेतले आणि पावती फाडून दिली, स्वतःच्या सहीची.